साक्ष देण्यासारखं काही घडतच नाही, मग साध्या दिवसात देव तुम्हाला कुठे भेटतो?

साधी_मार्था

शलोम सगळ्यांना. बरेच दिवस इथे नुसतं वाचत होते, आज लिहायचं धाडस करतेय, लांबलं तर सांभाळून घ्या.

आमच्या मंडळीत उपासनेत साक्षीची वेळ असते. कोणी उठून सांगतं की डॉक्टरांनी हात टेकले होते आणि प्रार्थनेनंतर रिपोर्ट नॉर्मल आला, कोणाची नोकरी जाता जाता राहिली, कोणाला स्वप्नात वचन मिळालं. मी मनापासून आमेन म्हणते हं, मत्सर वगैरे अजिबात नाही. पण "अजून कोणाला साक्ष द्यायचीय का" असं विचारलं की मी गीतांचं पुस्तक चाळायला लागते, कारण माझ्याकडे काही नाहीच. उठायचं, डबे, ऑफिस, मुलांचा अभ्यास, सासऱ्यांच्या गोळ्या, धुणं, झोप. दुसऱ्या दिवशी परत तेच. रात्रीची प्रार्थना तर अर्धी झोपेतच होते, कधी कधी आमेनपर्यंत पोचतच नाही. ख्रिस्ती घरातच वाढले त्यामुळे "मी अंधारात होते आणि मग एके दिवशी" असलंही काही सांगण्यासारखं नाही.

देव आहे याबद्दल शंका नाही. पण तो माझ्या मंगळवारी नेमका कुठे असतो? रविवारी कळतं, गाणी असतात, चार माणसं असतात. मंगळवारी नाही कळत. चमत्कार नकोत, साध्या दिवसात त्याची काळजी तुम्हाला कशी जाणवते ते ऐकायचंय. पुस्तकी उत्तरं नकोत प्लीज.

मोहरी_दाणा

प्रेझ द लॉर्ड ताई!! अहो काही घडत नाही असं कसं म्हणता, रोज घडतं, आपल्याला बघायची सवय नसते इतकंच. मी तर एक वही केलीये. किल्ली सापडेना, प्रार्थना केली, फ्रीजवर सापडली. मुलाखतीच्या दिवशी सगळे सिग्नल हिरवे मिळाले. एकदा फार उदास होते आणि मोबाइलवर त्या दिवसाचं वचन आलं ते नेमकं "भिऊ नको". आपल्या डोक्यावरचे केससुद्धा मोजलेले आहेत असं प्रभू म्हणतो, मग किल्ली ती काय त्याला? तुम्हीही वही सुरू करा, साक्ष आपोआप तयार होईल बघा 🙏🙏

जुळा_थोमा

वातावरण बिघडवायचं नाहीये पण राहवत नाही म्हणून लिहितोय.

माझा धाकटा भाऊ गेला. साखळी प्रार्थना चालू होती, लोकांनी उपास धरले, पाळकांनी तेल लावून प्रार्थना केली, जे जे करतात ते सगळं झालं. तो गेला त्यानंतरच्याच रविवारी एका बाईंनी उभं राहून साक्ष दिली की हरवलेलं कानातलं देवाने शोधून दिलं. लोकांनी टाळ्या वाजवल्या. मी उठून बाहेर गेलो आणि उपासना संपेपर्यंत गाडीत बसून राहिलो.

हिरवे सिग्नल ही देवाची काळजी असेल तर माझ्या भावाच्या वेळी त्याचं लक्ष कुठे होतं? ताईंच्या प्रश्नाचं उत्तर माझ्याकडे नाही, पण असली उत्तरं देऊ नका एवढंच म्हणणं आहे. ज्यांच्या घरात किल्ली सापडली नाही तेही हे वाचत असतात.

मोहरी_दाणा

दादा, तुमच्या भावाबद्दल मी काय बोलणार, वाचून गलबलून आलं. तुम्हाला दुखवायला लिहिलं नव्हतं.

पण एक विचारते, रागावू नका. माझी किल्ली खरंच सापडली ना. मग मी थँक्यू कोणाला म्हणू? फ्रीजला?

जुळा_थोमा

रागावलो नाही. थँक्यू म्हणा की. टाळ्यांचा त्रास होतो.

वाचनवेडा

दोघांचंही पटतंय म्हणून मध्ये येतो.

प्रेषितांची कृत्ये १२ वा अध्याय काढा. सुरुवातीलाच हेरोद राजा याकोबाला, म्हणजे योहानाच्या भावाला, तलवारीने मारतो. एका ओळीत विषय संपला. मग पेत्राला पकडतो आणि अध्यायाचा मोठा भाग पेत्राचा. देवदूत येतो, साखळ्या गळून पडतात, शहराचा लोखंडी दरवाजा आपोआप उघडतो, आणि पेत्र ज्या घरात लोक त्याच्यासाठी प्रार्थना करत होते त्याच घराच्या दाराशी जाऊन उभा राहतो. तर रुदा नावाची मुलगी आवाज ओळखून इतकी खूष होते की दार न उघडताच आत पळते, आणि आतले प्रार्थना करणारे तिला म्हणतात तू वेडी आहेस. (बायबलमध्ये विनोद नाही म्हणणाऱ्यांनी हे वाचलेलंच नसतं.)

आता याकोबासाठी कोणी प्रार्थना केली नसेल का? तोही बारा शिष्यांपैकी एक, येशूच्या अगदी जवळच्या तिघांतला. हे पुस्तक लिहिणारा लूक कारण देत नाही. याकोबाचा विश्वास कमी पडला, पापं जास्त होती, देवाची मोठी योजना होती, यातलं एकही वाक्य तिथे नाही. एकाच अध्यायात एक सुटला, एक गेला, आणि लिहिणाऱ्याने दोन्ही गोष्टी शेजारी ठेवून दिल्या. आपण असतो तर मध्ये चार ओळींचं स्पष्टीकरण घातलं असतं.

शिलोहाचा बुरूज पडून अठरा माणसं मेली तेव्हाही येशूने हेच केलं, लूक १३. ते काय जास्त पापी होते म्हणून मेले का? तो म्हणाला नाही. मग का मेले हे काही त्याने सांगितलं नाही, उलट ऐकणाऱ्यांनाच म्हणाला तुम्ही पश्चात्ताप करा.

त्यामुळे मला वाटतं किल्ली सापडल्यावर आभार मानावेत, बिनधास्त मानावेत. त्यावरून देवाचं माझ्यावर जास्त लक्ष आणि शेजारच्यावर कमी असा हिशोब मांडला की घोळ होतो. पाऊस नीतिमानांवर आणि अनीतिमानांवर सारखाच पडतो हे डोंगरावरच्या प्रवचनात येशूनेच सांगितलंय, म्हणजे हिरवा सिग्नलही दोघांना मिळणार.

साधी_मार्था

अरे बापरे, प्रश्न विचारला त्यापेक्षा बरंच खोल गेलं की. थोमादादा, भावाबद्दल खरंच वाईट वाटलं. तुम्ही लिहिलंत ते बरं केलंत, इथे असली गोष्ट कोणी बोलत नाही.

रात्रपाळी

नावावरून कळलं असेल, मी नर्स आहे. आत्ता ड्युटी संपवून बसमध्ये टाइप करतेय त्यामुळे चुका होतील.

आमच्याकडे एक आजोबा आहेत, बोलता येत नाही, स्वतःहून हलताही येत नाही. असा पेशंट असला की दर दोन तासांनी कूस बदलायची, नाहीतर पाठीला, माकडहाडाला जखमा होतात. दोघी लागतो. एकीने खांद्यापाशी, एकीने कमरेपाशी, खालची चादर मुठीत धरायची आणि एक दोन तीन. मग पाठीला उशी, दोन गुडघ्यांच्या मध्ये उशी, टाचा गादीला टेकत नाहीत ना ते बघायचं, आणि खालची चादर हाताने सपाट करायची कारण कापडाची एवढीशी घडी राहिली तरी तिथली कातडी सकाळपर्यंत लाल होते. ओठ सुकलेले असतात ते ओल्या कापसाने टिपायचे. पाच मिनिटांचं काम. दोन तासांनी परत. नातेवाईक बघायला नसतात, आजोबांना किती कळतं माहीत नाही, डॉक्टरही कागदावरची नोंदच बघतात.

मार्थाताई, तुम्ही विचारलं कसं जाणवतं. मला तिथे काहीच "जाणवत" नाही हो. अंगावर काटा नाही, डोळ्यात पाणी नाही, पाय दुखत असतात आणि चहा कधी मिळेल हे डोक्यात असतं. पण ते काम करताना मला कधी शंका येत नाही की हे देवाच्या मनासारखं चाललंय. चर्चमध्ये कधी कधी येते, तिथे नाही येत. याला भेट म्हणायचं का ते तुम्हीच ठरवा.

आणि माझं आवडतं वचन सांगते, कोणी भिंतीवर लावत नाही ते. याईराची मुलगी. बारा वर्षांची पोरगी मेलेली उठून चालायला लागली, घरातले सगळे थक्क होऊन बघतायत, आणि येशू काय म्हणतो, हिला काहीतरी खायला द्या. मार्क ५ च्या शेवटी आहे. एवढा मोठा चमत्कार करून ह्याच्या लक्षात काय, तर पोरगी उपाशी आहे. आमच्या वॉर्डात घेतलं असतं त्याला लगेच.

मोहरी_दाणा

खायला द्या वालं मी इतक्यांदा वाचलं असेल, कधी लक्षच गेलं नाही!! वहीत लिहिलं.

नवा_विश्वासी

मी कॉलेजला आहे, विश्वासात नवीन आहे, घरात कोणी ख्रिस्ती नाही त्यामुळे विचारायला कोणी नसतं. माझा प्रश्न वेगळा आहे. सगळे म्हणतात देवाने मला सांगितलं, देवाने माझ्या मनात घातलं. मला कसं कळणार की तो देव आहे का माझंच डोकं? मी एकदा डोळे मिटून बायबल उघडलं आणि बोट ठेवलं तर वंशावळीवर पडलं 😅

निवृत्त_पाळक

बेटा, बोट वंशावळीवर पडलं तेच बरं झालं. ते ज्यांच्या मनासारख्या ओळीवर पडतं त्यांची जास्त काळजी वाटते.

मंडळीत आयुष्य गेलं माझं. "देवाने मला सांगितलं" या वाक्याने मी लग्नं जुळताना पाहिली, मोडताना पाहिली, धंदे उघडताना आणि बुडतानाही पाहिले. दरवेळी खोटं असतं असं नाही. पण वचन आपल्या सोयीने वापरता येतं आणि हे पहिल्यांदा कोणी केलं ते विसरू नका. मंदिराच्या शिरोभागी येशूला उभं करून सैतानाने स्तोत्र ९१ च म्हणून दाखवलं, देवदूत तुला झेलतील, मार उडी. वचन बरोबर होतं. येशूने उडी मारली नाही.

तेव्हा मी सल्ला विचारायला येणाऱ्यांना साध्या गोष्टी विचारायचो. तुला जे ऐकू आलं त्याने तू दुसऱ्या कोणाशी जास्त दयेने वागणार आहेस की नाही? ते शास्त्राच्या एकूण सुराशी जुळतं का, नुसतं एका ओळीशी नको. तुला ओळखणारं, तुझ्यावर प्रेम करणारं एखादं वयस्क माणूस ते ऐकून काय म्हणतं? आणि थांबायला तयार आहेस का? घाई झालेली असली की मी सावध व्हायचो. देवाला घाई असल्याचं मी फारसं पाहिलं नाही.

आणि एलीया संदेष्ट्याची गोष्ट सगळे "शांत, मंद वाणी" इथून सुरू करतात, त्याआधीचं कोणी सांगत नाही. १ राजे १९. ईजबेल राणीने जिवे मारायची धमकी दिली, हा पळाला, रानात एका झुडपाखाली बसून म्हणाला पुरे झालं, माझा जीव घे. देवदूत आला त्याने उपदेश केला नाही. त्याला हात लावून उठवलं, म्हणाला खा. उशाशी निखाऱ्यावर भाजलेली भाकर आणि पाण्याचा कुंजा. खाऊन हा परत झोपला. देवदूताने झोपू दिलं, मग परत उठवून खायला घातलं. ती वाणी ऐकू आली ती त्यानंतर चाळीस दिवस चालून होरेब डोंगर गाठल्यावर. माझ्याकडे कोणी म्हणालं की देव बोलत नाही, तर मी आधी विचारायचो झोप किती होतेय.

मिस्साला_उशीर

पाळकसाहेब, शेवटच्या ओळीला मनापासून आमेन, आणि हे एक कॅथलिक म्हणतोय 😄

मार्थाताईंनी पुस्तकी नको म्हटलंय तरी एक माणूस सांगतोच, तो पुस्तकी अजिबात नव्हता. ब्रदर लॉरेन्स. सतराव्या शतकातला फ्रेंच, आधी सैनिक, लढाईत जखमी होऊन कायमचा अधू झाला, मग पॅरिसमध्ये कार्मेलाइट नावाच्या संन्यासी संघाच्या मठात साधा बंधू म्हणून राहिला. फादर नाही, प्रवचनकार नाही. वर्षानुवर्षं मठाच्या स्वयंपाकघरात, आणि ते काम त्याला मुळात आवडतही नव्हतं, नंतर मठातल्यांची पायताणं दुरुस्त करायला बसवलं. १६९१ मध्ये वारला. त्याचं म्हणणं असं होतं की भांड्यांच्या आदळआपटीत, चार लोक चार गोष्टी मागत असताना, देव त्याला तितकाच जवळ असतो जितका वेदीपुढे गुडघ्यावर. कामाची वेळ आणि प्रार्थनेची वेळ असे दोन कप्पे त्याने ठेवलेच नाहीत.

पण हे लोक सांगताना एक गाळतात. मठात आल्यावर पहिली सुमारे दहा वर्षं त्याची फार वाईट गेली, आपलं तारण होणारच नाही असं वाटायचं. म्हणजे ती शांती त्याला आयती मिळाली नव्हती.

आमच्याकडे आणखी एक पद्धत आहे, इग्नेशियस लोयोला यांची, सोळाव्या शतकातली. दिवस संपताना देवाच्या सोबतीने दिवस परत बघायचा. आज कशाबद्दल आभार, कुठे मी त्याच्याकडे वळलो, कुठे पाठ फिरवली, उद्यासाठी काय मागायचं. पंधरा मिनिटं पुरतात. मोहरीताईंच्या वहीसारखंच आहे, फक्त यात वाईट गेलेलंही लिहायचं. मी करतो तेव्हा बहुतेक वेळा मला दिवसातली एखादी अशी गोष्ट आठवते जी घडताना मी धड पाहिलीच नव्हती. घाईत असतो ना. मिस्सालाच, म्हणजे आमच्या उपासनेलाच, उशीर होतो तर काय.

जुळा_थोमा

आणि रोज पंधरा मिनिटं बसून काहीच दिसलं नाही तर?

मिस्साला_उशीर

तर काहीच दिसलं नाही असं त्यालाच सांगायचं. चेष्टा नाही करत. मदर तेरेसांची पत्रं २००७ मध्ये, त्या गेल्यावर दहा वर्षांनी, बाहेर आली. वर्षानुवर्षं, दशकं म्हणा, त्यांना देव जाणवतच नव्हता. आत नुसता अंधार आणि रितेपणा असं त्या स्वतःच्या गुरूंना लिहीत होत्या आणि सकाळी उठून मरणाऱ्यांना आंघोळ घालत होत्या. २०१६ मध्ये चर्चने त्यांना संत घोषित केलं. ते अंधाराचं माहीत असूनच.

वाचनवेडा

स्तोत्र ८८ पण आहे. बाकीची बहुतेक रडगाणी स्तोत्रं शेवटाकडे वळतात, "तरी मी तुझे उपकारस्मरण करीन" वगैरे. हे वळत नाही. काळोखावरच संपतं. तरी ते काढून टाकलं नाही कोणी, उपासनेच्या ग्रंथात ठेवलंय. थोमादादा, ज्या दिवशी तुम्ही गाडीत बसला होतात त्या दिवशी आत हे स्तोत्र वाचायला हवं होतं.

जुळा_थोमा

आमच्याकडे कधी वाचलेलं आठवत नाही. बघतो.

साधी_मार्था

सगळ्यांचं वाचलं. आता जरा स्पष्टच लिहिते.

रात्रपाळीताई, तुमचं वाचून हात जोडले. पण एक गोष्ट सलतेय. देवाची काळजी माणसांच्या हातातून येते हे बरोबर, मंडळीतही ऐकतो आम्ही. पण घरात ते हात बहुतेक वेळा माझेच असतात. ऑफिसमधून येते ती तशीच ओट्यापाशी जाते. सासऱ्यांना औषध देणारे हात माझे, मुलांना उठवणारे माझे. मग मला देव भेटायचा कोणाच्या हातून? मी सगळ्यांसाठी देवाचे हात आणि माझ्यासाठी कोण? हे चर्चमध्ये विचारलं तर म्हणतील कुरकुर करू नये.

रात्रपाळी

करा कुरकुर. बायबलमधली मार्थापण, येशू घरी आलेला असताना, करतेच की, थेट येशूलाच म्हणते की माझ्या बहिणीने मला एकटीला काम करायला टाकलंय याची तुम्हाला काही पडलीय का. तेही आलेल्या पाहुण्यांदेखत. आणि योहान ११ मध्ये भाऊ मेल्यावर त्याला गावाबाहेर गाठून तोंडावर म्हणते, तुम्ही इथे असता तर माझा भाऊ मेला नसता. तिला कुठेही हाकलून दिलेलं नाही.

बाकी मला विचाराल तर घरच्यांना कामं वाटून द्या. सासऱ्यांच्या गोळ्या नवऱ्याला देता येतात. यात आध्यात्मिक काही नाही, बाई म्हणून सांगतेय.

मोहरी_दाणा

+१००

आईची_लेक

मार्थाताई, तुमच्या प्रश्नावर म्हणून लिहितेय, एरवी मी इथे लिहीत नाही.

माझ्या आईला स्मृतिभ्रंश आहे. मला ओळखते कधी, कधी नाही, कधी मी तिची बहीण असते, कधी "त्या नव्या बाई". आंघोळीला हात धरून नेलं तर मारते. रात्री झोपवताना मी तिच्याबरोबर प्रभूची प्रार्थना म्हणते, कारण तेवढं तिला पाठ आहे. लोकांना ही गोष्ट सांगितली की म्हणतात किती सुंदर, सगळं विसरली पण प्रार्थना विसरली नाही. सुंदर वगैरे काही नाही. ती मध्येच थांबते, पुढचं विसरते, चिडते, उशी फेकते.

पण ती जिथे थांबते ती जागा ठरलेली आहे. "आमची रोजची भाकर आज आम्हांस दे" इथे. इथपर्यंत आली की माझ्याकडे वळते आणि विचारते, "तू जेवलीस?" लहानपणी विचारायची त्याच आवाजात, जरा दटावून. मी कोण ते माहीत नसतं तिला त्या वेळी. समोर जी कोणी बसलीय ती जेवली का नाही एवढंच बघायचं असतं. आणि गंमत म्हणजे बहुतेक वेळा मी खरंच जेवलेली नसते. दिवसभरात मला हा प्रश्न दुसरं कोणी विचारलेलं नसतं. नवऱ्याचा फोन येतो तोही आई कशी आहे म्हणून.

सुरुवातीला मी हो म्हणून पुढची ओळ सुरू करायचे, प्रार्थना पूर्ण व्हायला हवी म्हणून. आता नाही करत. नाही जेवले म्हणते, मग ती म्हणते "मग जा आधी." आणि मी जाते. उरलेली प्रार्थना राहते तशीच.

तुम्ही विचारलंत ना, काळजी घेणारीला कोणाच्या हातून. मला तरी अशी मिळते. ज्या हातांनी संध्याकाळी मला मारलं होतं त्यांच्याच मालकिणीकडून. यावर साक्ष द्यायला मी उभी राहणार नाही, रडायला येईल आणि शिवाय लोक टाळ्या वाजवतील.

निवृत्त_पाळक

आईची_लेक, टाळ्या नाहीत. इतकंच म्हणतो की ती प्रार्थना अर्धी राहत नाही. शिष्यांना ती शिकवणाराच म्हणाला होता की तुम्हाला कशाची गरज आहे हे मागण्याआधीच पित्याला ठाऊक असतं.

साधी_मार्था

ताई, ऑफिसमध्ये वाचलं आणि उठून तोंड धुऊन आले.

थोमादादा, एक विचारू का, नको असेल तर उत्तर देऊ नका. त्या दिवसांत तुमच्याकडे कोणी आलं होतं का?

जुळा_थोमा

खूप जण आले. बहुतेक जण बोलायला आले होते. देवाला फुलं आवडतात म्हणून तो चांगली फुलं आधी तोडतो हेही ऐकलं. बायबलमधल्या त्या दुःखी ईयोबाचे मित्र निदान पहिले सात दिवस गप्प तरी बसले होते.

एक जण होता मंडळीतला, माझी फारशी ओळखही नव्हती. हिशोबाची कामं करतो. तो म्हणाला कागदपत्रं मी बघतो. मृत्यूचा दाखला, बँक, विमा, प्रत्येक ठिकाणी माझ्याबरोबर आला, रांगेत उभा राहिला, झेरॉक्स काढून आणल्या. भावाचा मोबाइल नंबर बंद करायचा होता तो फोन मला करता येईना. कस्टमर केअरवाले विचारतात नंबर कोणाचा, बंद का करताय. मला ते वाक्य तोंडाने म्हणता येत नव्हतं. त्याने माझ्या हातातून फोन घेतला आणि तो बोलला. बाहेर जाऊन बोलला, मला ऐकू येऊ नये म्हणून. एवढ्या दिवसांत त्याने एक वचन म्हटलं नाही की प्रार्थना करू का विचारलं नाही.

वाचनवेडा

प्रेषित पौलाने करिंथच्या मंडळीला दुसरं पत्र लिहिलं त्यात तो सांगतो की मासेदोनियात आल्यावर त्याच्या जिवाला अजिबात चैन नव्हतं, बाहेर भांडणं आणि आत भीती. आणि मग लिहितो की दीनांचं सांत्वन करणाऱ्या देवाने तीताच्या, म्हणजे त्याच्या एका सोबत्याच्या, येण्याने आमचं सांत्वन केलं. हा तोच माणूस ज्याला दमास्कसच्या वाटेवर आकाशातून प्रकाश दिसला होता. त्याला पण या वेळी प्रकाश नाही मिळाला, ओळखीचा एक माणूस प्रवास करून आला, तेवढंच. आणि ते "देवाने" केलं असं लिहायला त्याला काही अडचण वाटली नाही.

त्याच पौलाचं तीमथ्याला शेवटचं पत्र बघा, तुरुंगातून. त्रोवसात कार्पाकडे राहिलेला झगा घेऊन ये, पुस्तकंही आण, हिवाळ्याच्या आधी ये. आणि त्रफिम आजारी पडला म्हणून त्याला मिलेतात ठेवून यावं लागलं. म्हणजे ज्याच्या अंगावरचे रुमाल नेऊन लोक बरे होत होते त्याचा स्वतःचा सोबती आजारीच राहिला, आणि ह्याला थंडी वाजतेय.

जुळा_थोमा

म्हणजे तो हिशोबवाला माझा तीत होता असं म्हणायचंय का तुम्हाला.

वाचनवेडा

मी म्हणत नाहीये. तुम्ही सांगा.

जुळा_थोमा

माहीत नाही. भाऊ परत आला नाही, याकोबासारखंच. त्यावर मी देवाशी अजून बोललेलो नाही, बोलेन तेव्हा नीट बोलणार नाही हेही माहीत आहे. पण तो माणूस नसता तर मी परत त्या चर्चची पायरी चढलो नसतो एवढं खरं. आता मागच्या बाकावर त्याच्या शेजारी बसतो. तो गाणं फार बेसूर म्हणतो.

नवा_विश्वासी

मला पण असा कोणीतरी पाहिजे, मी चर्चला जातो तर कोणी शेजारी बसतच नाही, सगळे फॅमिलीने येतात.

निवृत्त_पाळक

बेटा, मला मेसेज कर. कोणत्या भागात राहतोस ते सांग, बघू कोण आहे जवळपास.

मोहरी_दाणा

ते तीतवालं वचन कुठलं नेमकं? वहीत घ्यायचंय. आणि थोमादादा, वहीत आता वाईट गेलेलं पण लिहितेय, कालचं पान फारच वाईट आहे 😬

वाचनवेडा

२ करिंथ ७:६. पण ५ पासून वाचा, नाहीतर चैन का नव्हतं ते कळणार नाही.